श्रावणातला रस्सा आणि दाराबाहेरच्या चपला

रोडपाली,
शनिवार, ९ ऑगस्ट २०२५, सकाळी

तीर्थरूप वन्स यांस,

कुंदाचा साष्टांग नमस्कार. गुडघ्यामुळे हल्ली प्रत्यक्ष घालता येत नाही, म्हणून कागदावर घालून घेतेय. तुमचा मोतीबिंदू कितपत पिकला? डॉक्टरांनी गणपतीनंतरची तारीख दिली का? प्रांजलच्या बाळाला एव्हाना दात आले असतील. इकडे मी बरी आहे. राखीच्या ब्लाउजांची गर्दी काल एकदाची संपली आणि आज मशीनवर चादर टाकलीय.

प्रांजल, सासूबाईंना हे पत्र तूच वाचून दाखवणार हे मला ठाऊक आहे. मोठ्याने वाच, मधलं काही गाळू नको, आणि त्या ‘पुरे’ म्हणाल्या तरी थांबू नको.

आता मुद्द्याचं. वन्स, ते मटण नव्हतं.

नव्हतं, नव्हतं, नव्हतं! अळंबी होती. गेल्या रविवारी माझ्या घरातून वास सुटला तो अळंबीच्या रश्श्याचा. शेजारच्या मालूला तो मटणाचा वाटला आणि तिने लगेच फोन करून तो आपट्यापर्यंत पोचवला. माहेर तिचंही आपट्याचंच, मग काय विचारता. मला तिचा राग नाही. पोर चांगली आहे, माझा गॅस संपला तर स्वतःचा सिलिंडर ढकलत आणून देते. फक्त नाक तिखट आणि तोंड त्याहून मोकळं. पण तुम्ही, वन्स? तुम्ही कसं खरं मानलंत? लग्न होऊन आले त्या वर्षी गटारीच्या दुसऱ्या दिवशी तुम्ही मला समोर बसवून पातेली, तवा, कालथा, एवढंच काय सांडशीसुद्धा राखेने घासायला लावली होतीत. अजून घासते. यंदाही घासली. ती मी भर श्रावणात मटण चढवीन?

त्या रविवारपासून तुम्ही माझा फोन घेत नाही. प्रांजल घेते आणि म्हणते, “मामी, आई देवळात गेल्यात.” दुपारी जेवणाच्या वेळेला कुठलं देऊळ उघडं असतं हो?

म्हणून हे पत्र. फोन मध्येच ठेवून देता येतो. पत्र फार तर चुलीत घालाल, पण तुम्हाला मी ओळखते, शेवटपर्यंत ऐकल्याशिवाय नाही घालणार. आणि पत्राबरोबर पुरावाही येतोय. मालू आज राखीला माहेरी निघालीय, नवऱ्याच्या, कल्पेशच्या बाईकवर मागे बसून. डबा तिच्याच मांडीवर असेल. जिने वास पोचवला तिनेच रस्सा पोचवायचा! मी तिला एवढंच सांगितलंय की तुझ्या मानलेल्या आत्याला डबा दे. आत काय आहे ते सांगितलेलं नाही. झाकणाला टेप लावणार आहे.

हे मी ओट्याशी उभी राहून लिहितेय, तेव्हा कागदावर हळद दिसली तर नाक मुरडू नका. आज पहाटेच रिक्षा करून पनवेलच्या बाजारात गेले. बाजाराच्या तोंडाशी भीमाबाई बसते, डोंगराकडची ठाकरीण, तुम्ही तिच्याकडून एकदा भाजीला शेवळं घेतली होतीत बघा. सागाच्या पानात अळंबीचे वाटे मांडून बसली होती. काय अळंबी, वन्स! टोप्या अजून पुरत्या उघडलेल्या नाहीत, देठ बोटाएवढे जाड, मुळाला लाल माती. मला बघितल्याबरोबर शेवटचे दोन वाटे पदराखाली सरकवले आणि म्हणाली, “तुजंच हाय गं बाय. आता पुडल्या सालीच मिलंल.” मग इकडेतिकडे बघून विचारते, “तो बाबा नाय आला आज?”

कुठला बाबा, ते पुढे येईल.

आधी रस्सा ऐका, कारण यात माझी कारागिरी आहे आणि ती मी कोणाला तरी सांगितल्याशिवाय राहूच शकत नाही. देठाची माती सुरीच्या पाठीने खरवडून घेतली. टोप्यांच्या खालच्या पापुद्र्यात बारीक किडे बसतात, म्हणून हळदीच्या पाण्यात बुडवून ठेवली. सुरीने कापायची नाही, हाताने उभी फाडायची, हे तुमचंच. फाडताना धागे सुटतात ना, तिथेच मन खूश होतं. कांदा आणि सुक्या खोबऱ्याची वाटी गॅसच्या जाळावर धरून काळपट भाजली. घरभर धूर झालाय, आता शिंकत लिहितेय. पाट्यावर वाटलं, मिक्सरवर नाही. मागच्या रविवारी मिक्सरवर वाटलं होतं, तरी मालूला मटण वाटलं. आज पाट्यावरचं आहे, आज तर तिला अख्खा बोकड दिसायला हवा.

थांबा, तेल तापलं.

आले. लसूण ठेचून टाकली, वाटण परतलं, कडेने तेल सुटेपर्यंत दम धरला. मग आपला मसाला, तुम्ही मे महिन्यात दिलेला, त्या बरणीचा तळ आता दिसायला लागलाय. मग अळंबी. पाणी घालायचं नाही, तीच आपलं पाणी सोडते. त्यात बटाट्याच्या मोठ्या फोडी आणि रात्री सोललेले मोडाचे वाल. नुसत्या अळंबीने पोट भरत नाही. वाल-बटाटा पडला की माणूस एका वाटीवर आडवा होतो. आता झाकण ठेवलंय आणि झाकणावर पाणी. ऐकू येतंय का? रटरटतंय! मला इतका आनंद झालाय की काय सांगू. शेजारी मालूच्या दाराची कडी आत्ताच दोनदा वाजली. वास घेत असणार.

तर चपला.

मालूने तुम्हाला मटणाबरोबर चपलांचंही सांगितलं असणार. न सांगता तिचा दिवसच जायचा नाही. होय, रविवारी माझ्या दाराबाहेर पुरुषाच्या चपला होत्या. तपकिरी, कोल्हापुरी, उजव्या पायाची अंगठ्याशी झिजलेली.

त्या सांगण्यासाठी मागच्या श्रावणात जावं लागेल.

वन्स, तुमचा भाऊ होता तोवर मी अळंबी कधी विकत घेतली नाही. श्रावणात एखादा रविवार ते पहाटे उठून आपट्याला यायचे, तुम्ही दोघं भावंडं डोंगरावर जायचात आणि दुपारी ते पिशवी भरून घरी. जागा कुठली, ते मला कधी सांगितलं नाही. मी लाख विचारलं. “ती तायची आन माजी हाय,” एवढंच म्हणायचे आणि हसायचे. ते गेल्यावर तीन श्रावण मी अळंबीकडे पाहिलंसुद्धा नाही. बाजारात भीमाबाई दिसली की मी पलीकडच्या बाजूने जायचे.

मागच्या वर्षी तशीच निघाले होते, आणि एक गृहस्थ तिच्या वाट्यांपुढे उकिडवे बसून विचारत होते, “मावशे, यांना खवलं कशी काढायची?”

वन्स, मी भर बाजारात हसले. किती दिवसांनी हसले असेन ते मलाच माहीत नाही. ते मागे वळून म्हणाले, “हसू नका, बाय. आमी कोली मानसं. समिंदराचा काय पन इचारा, डोंगराचा नाय कलत.” श्रावण पाळत होते, माशाची तर सवय सुटत नव्हती, आणि कोणीतरी सांगितलं होतं की अळंबी खाल्ली की मासे-मटण आठवत नाही. मग मी तिथेच, पिशव्या खाली ठेवून, सगळी कृती सांगितली. भीमाबाई मध्ये मध्ये सुधारत होती. त्यांनी मान हलवली, आभार मानले, गेले.

आठवड्याने पुन्हा तिथेच भेटले. तोंड एवढंसं. म्हणाले, “बाय, तुमी सांगितला तसा सगला केला. पन नुसती दोरी चावल्यासारका लागला.” विचारलं, साफ कशी केली? तर सांगतात, “कोलंबीसारकी. पयली डोकी तोडून फेकली.”

डोकी तोडली, वन्स! टोप्या फेकून दिल्या आणि देठांचा रस्सा केला! त्यात वर कोकम. मी आणि भीमाबाई, दोघी एकमेकींना धरून हसलो. ते आधी ओशाळले, मग तेही हसायला लागले, आणि त्यांच्या डोळ्यांतून पाणी आलं.

तेच ते बाबा. त्याच त्या चपला.

जीवन नाखवा त्यांचं नाव. मूळचे उरणकडचे, बंदरात क्रेन चालवायचे, आता निवृत्त होऊन पनवेलच्या कोळीवाड्यात राहतात. मुलगी उलव्याला दिलीय. बायको जाऊन सात-आठ वर्षं झाली. मागच्या श्रावणानंतर आमची गाठ पडायला लागली. आधी बाजारात, मग मी शिलाईचं सामान आणायला जाते तिथे, आणि मग काही कारण नसताना. भाज्यांवरून बोलायचो. नंतर ते बायकोबद्दल बोलायचे, मी तुमच्या भावाबद्दल. दुसऱ्या कोणाशी मला ते इतकं बोलता आलं नाही. तुमच्याशी बोलायला जायचे तर तुमचा आवाज जड व्हायचा, आणि मग मीच भाजीच्या भावावर यायचे.

प्रांजल, आता जरा हळू वाच.

गेल्या रविवारी मी त्यांना पहिल्यांदा घरी जेवायला बोलावलं. खरी अळंबी कशी लागते ते दाखवायला, असं मी त्यांना सांगितलं आणि स्वतःलाही. पान वाढलं. ते बसले नाहीत. भिंतीवरच्या फोटोकडे बघत उभे राहिले आणि विचारलं, “यांना तिखट चालायचा?” मी म्हटलं, तुमच्या-माझ्यापेक्षा जास्त. तर म्हणाले, “मंग पयली वाटी त्यांना.” स्वतःच्या पानातली वाटी उचलून त्यांनी फोटोपुढे ठेवली, हात जोडले, आणि मग बसले. मी आत जाऊन उगाच भाकरी उलटत राहिले, वन्स. ती जळली.

रस्सा खाऊन झाल्यावर वाटी बोटाने पुसून घेतली. मग म्हणाले, “कुंदाबाय, आता आपन दोघा एकट्या-एकट्यानं कशाला जेवायचा?”

एवढंच. मागणी म्हणा, काही म्हणा.

मी हो म्हटलं.

लिहिलं एकदाचं. एकटीच हसतेय, माझं मला कळत नाही. चोपन्नाव्या वर्षी असं होतं हे मला कोणी सांगितलं असतं तर मी त्याला वेड्यात काढलं असतं. सकाळी उठते ती गाणं गुणगुणतच. काल एका ब्लाउजला दोन्ही बाह्या उजव्या लावल्या आणि उसवताना पुन्हा हसले. मी आनंदात आहे, वन्स. खूप आनंदात आहे. हे तुम्हाला लिहिताना लाज वाटते, पण खोटं लिहिणार नाही. दसऱ्यानंतर कोर्टात जाऊन सह्या करायच्या, मांडव नाही, वाजंत्री नाही, असं ठरलंय. रियाला सांगितलं. पुण्याहून फोनवरच किंचाळली, आणि मग म्हणाली, “आई, आत्याला सांगितलंस? आत्याला सांगशील तेव्हा मी नाचेन.”

तिने नेमकं बोट ठेवलं. कारण मला बाकी कशाचीच भीती नाही. लोक चार दिवस बोलतील, मालू आठ दिवस बोलेल. मला भीती एकाच गोष्टीची आहे.

आज राखी. तुमचा भाऊ गेला त्या पहिल्या राखीला तुम्ही पावसात भिजत इथे आलात, पिशवीतून राखी काढलीत आणि माझ्या मनगटाला बांधलीत. म्हणालात, “आता याच घरात बांधायची, तर हात तुजा.” दर वर्षी बांधता. मी दर वर्षी तुम्हाला ओवाळणीला एक साडी घेते आणि तिचा ब्लाउज इथेच शिवून ठेवते. यंदाचाही शिवलाय, हिरवा, मोरपिशी काठाचा. तो कपाटात आहे. आज सकाळपासून मी तीनदा जिन्याकडे बघून आले.

लग्न केलं की मी पाटलांची राहत नाही, नाखव्यांची होते. कागदावर होते, ते होऊ दे. पण मग मी तुमची कोण? मला नवरा पुन्हा मिळतोय, वन्स, पण नणंद पुन्हा मिळणार नाही. लग्न करून आले तेव्हा मला भाकरी थापता येत नव्हती, ते सासूबाईंना कळू न देता तुम्ही माझ्या वाटणीच्या थापून द्यायचात. ते कोणाकडे मागू? गणपतीला मी आपट्याला येऊ ना? मोदकांच्या पाकळ्या तुमच्या, सारण माझं, हे इतकी वर्षं चाललंय. तुम्ही ‘नको’ म्हणालात तर मी येणार नाही आणि भांडणारही नाही. लग्न मात्र मोडणार नाही. हे आधीच सांगते, म्हणजे नंतर कोणाला फसल्यासारखं वाटायला नको. पण मग माझा निम्मा आनंद त्याच दिवशी जाईल, आणि तो कोणाला भरून देता येणार नाही.

झालं. झाकण काढलं. बटाटा बोटाने तुटतोय, वर लाल तवंग आलाय. कोथिंबीर घालून डब्यात भरते. वरच्या पुडात तांदळाच्या भाकऱ्या आहेत, यावेळी जळलेल्या नाहीत. चाखला नाही, कारण पहिला घास तुमचा. मिठाचा अंदाज हातावर घेतलाय.

मालू परवा परत येईल, तिच्याबरोबर डबा पाठवा. आपल्याकडे डबा रिकामा परत करत नाहीत, ते मला तुम्हीच शिकवलंत. कोणाचंही भांडं असो, निदान चिमूटभर साखर तरी घालायची. तेव्हा जास्त लिहू नका, लिहायचं नसेल तर एक अक्षरही नको. मी फक्त डबा उघडून बघीन. रिकामा असला तर समजेन, आणि पुन्हा विचारणार नाही.

मालूने बेल वाजवली. आता टेप लावते.

तुमची कुंदा
(याच्या आधी ‘वहिनी’ लिहायचं की नाही, ते मला ठरवता आलं नाही. तुम्ही ठरवा.)


आपटा,
सोमवार, ११ ऑगस्ट २०२५

मामी, नमस्कार. आई बोलतायत तसं लिहितेय. एक अक्षर सुधारायचं नाही अशी ताकीद आहे, आणि लिहून झाल्यावर परत वाचून घेणार आहेत. तुमचं पत्र मी दोनदा वाचून दाखवलं. पहिल्यांदा त्या माळेचे मणी ओढत होत्या. दुसऱ्यांदा माळ खाली ठेवली. आता त्यांचं. – प्रांजल

कुंदा,

डबा रिकामा नाय. आदी उघडून बघ, मंग फुडं वाच.

बघितलास? अलंबी आपल्या जागंवरची हाय. काल सकालीच जाऊन आणली. डोल्याला नीट दिसत नाय, पन पायाला ती वाट ठावी हाय. प्रांजलला खाली पिंपलाकडं उबी केली, वर नेली नाय. ती रुसली. रुसू दे. आपला कमलाकर गेल्यापासून मीपन वर गेली नवती. एकटीना कशाला जायाचा? पन ह्या साली बघते तर वारुलाच्या अंगाला सगला पांढरा झालेला. चार साल कोनी हात नाय लावला, तरी ती आपली उगवतच रायली. मी थितंच बसली जरा.

रस्सा खाल्ला. मीठ कमी व्हता. बाकी काय बोलायचा नाय. मालूला समोर बसवून डबा उघडला आन पयला घास तिच्याच तोंडात घातला. तर बोलते कशी, “आत्या, बघ, मी बोललू ना, ह्ये मटनच हाय.” तिला वालाचा दाना काडून दाखवला तवा गप बसली. तिची चूक नाय. कमलाकर लहानपनी असाच खायाचा आन आयेला इचारायचा, बोकड कंदी कापला?

आता फोनाचा ऐक. मी फोन मटनासाटी नवता सोडला. तू श्रावनात मटन करायची नाय, ह्ये मना मालू बोलायच्या आदी ठावा. चपलांचापन राग नाय. बाईमानूस हाय, घर हाय, कोनी येल, जाईल. मना राग आला तो ह्याचा, का मना मालूनं सांगितला. तू नाय. वरीसभर दर सोमवारी फोन करतंस, दुधीचा भाव सांगतंस, मालूचं रडगानं सांगतंस, आन एवडी मोटी गोष्ट पोटात घेऊन बसलीस? माजा आवाज जड व्हतो, म्हनून? होऊ दे की जड! भावाचा नाव निघाला तर आवाज जड होनार नाय तर काय व्हनार? तुजापन व्हतो. दोघीनी मिलून रडलो असतो. मना तो राग आला. देवलात जाऊन बसली, ह्ये खरा हाय. दार बंद व्हता, पायरीवर बसली.

त्या नाखव्याचा सांगते. फोटोम्होरं पयली वाटी ठेवली त्याना, तेवडा प्रांजलकडून परत परत वाचून घेतला. मंग पदर लावला डोल्याला. दुसरा काय लिवू. आन डोकी तोडली ते आयकून एवडी हसली का पोरगा बाहेरून धावत आला, त्याला वाटला आयेला काय झाला. डोकी तोडली! कोलंबी समजून!

बरा मानूस असंल. डोकी तोडनारा मानूस लबाड नसतो.

गनपतीला येऊ का इचारतंस? अगो, मी पाकल्या करीन आन सारन काय मालू करील? तिना नारल खवायला बसवला तर अर्दा तोंडात जाईल. ये. आदल्या दिशीच ये. तो हिरवा ब्लाउज घेऊन ये, गौरीला नेसायची हाय ती साडी. आन त्या नाखव्यालापन आन. बघू दे मना.

अलंबीची जागा तुना दाखवीन. गनपती झाला का दोघी जाऊ, गुडगा दुकला तरी. मना काय झाला तर ती कोनाला ठावी असायला पायजे. त्याला नाय दाखवायची हां. त्यो डोकी तोडंल.

डब्याच्या वरच्या पुडात, भाकरीच्या जागंवर, राखी हाय. तुजी. शनिवारी येऊन बांदायची व्हती, रागात रायली. तू जिन्याकडं बघत बसलीस ते वाचला तवा मना माजीच लाज वाटली. आज मालूच्याच हातानं बांदून घे. तिनापन कायतरी चांगला पोचवू दे.

दुसरी राखी मी आनून देवाम्होरं ठेवलीय. ती डब्यातनं धाडायची नाय, गनपतीला तुमी दोघा आलात का मी हातानं बांदीन. नीट आयक, कुंदा. भाऊ माजा एकच व्हता. त्यो गेला, त्याची जागा मी कोनाला देनार नाय, त्या नाखव्याला तर नायच नाय. पन मना तुना वयनी म्हनायचा हाय. आन वयनी म्हनायचा तर कोनाच्यातरी हाताला राखी बांदायला लागंल ना?

माज्या वयनीची वन्स,
सत्यवती